हिरवा पक्ष आणि आपलं रान



मागच्या शिबिरात शहरातून एक ताई आल्या होत्या. त्यांनी सांगितलं, जगात आता 'हिरवे पक्ष' निघाले आहेत. हिरवा म्हणजे कुठल्या धर्माचा नाही, झाडापानाचा. नदी, रान, हवा वाचवण्यासाठी निवडणूक लढवणारे पक्ष. ताई म्हणाल्या, तुम्ही रानात राहता, असा पक्ष इथे निघाला तर तुम्ही त्याच्याबरोबर यायला पाहिजे.

आपल्यातल्या काही पोरांनी टाळ्या वाजवल्या. मागं बसलेले एक काका मात्र म्हणाले, "नाय रं पोरांनो, बारक्या पक्षाला मत म्हंजे पाण्यात दगड. डुबुक वाजतं आन् संपतं."

मी दोघांचंही ऐकलं. जाताना ताईंकडून या पहिल्या हिरव्या पक्षाबद्दलचे इंग्रजी कागद मागून घेतले. माझं इंग्रजी बारावीचं. डिक्शनरी घेऊन महिनाभर रात्री चिमणीच्या उजेडात वाचले. वाचून झाल्यावर वाटलं, काकांचं अर्धं चुकलं आणि ताईंचंही अर्धं चुकलं. ते का, हे सांगायला हा लेख.

ऑस्ट्रेलियाच्या खाली समुद्रात टास्मानिया नावाचं बेट आहे. ते त्या देशाचंच एक राज्य आहे. त्या वेळी बेटावर लोक चार लाखांच्या आसपास, म्हणजे आपल्या एका जिल्ह्यापेक्षा कितीतरी कमी. बेटाच्या नैऋत्य डोंगरात पेडर नावाचं तळं होतं, काठाला गुलाबी झाक असलेली वाळू. १९५५ साली सरकारने ते तळं राखीव राष्ट्रीय उद्यान केलं. मग वीज खात्याला तिथे धरणं पाहिजे झाली, तर १९६७ साली त्याच सरकारी शिक्क्याने ते उद्यान रद्द केलं. शिक्का मारणारेही तेच, पुसणारेही तेच. हे आपल्याला नवं नाही.

तिथले दोन मोठे पक्ष, लेबर आणि लिबरल. एक सत्तेवर असला की दुसरा त्याला शिव्या देणार. पण धरण म्हटलं की दोघं एका ताटात जेवणारे. लोकांनी अर्ज केले, मोर्चे काढले, कोणी ऐकलं नाही. तेव्हा २३ मार्च १९७२ ला होबार्ट शहराच्या टाउन हॉलमध्ये सभा भरली आणि तिथे ठरलं की आपणच निवडणुकीला उभं राहायचं. पक्षाचं नाव ठेवलं 'युनायटेड टास्मानिया ग्रुप'. जगातला पहिला हिरवा पक्ष तो हाच, असं मानतात. दोन महिन्यांनी शेजारच्या न्यूझीलंडमध्ये दुसरा निघाला. जर्मनीतला मोठा हिरवा पक्ष तर १९८० चा.

महिन्याभरात निवडणूक झाली. या पक्षाला शंभरात चार मतंसुद्धा पडली नाहीत, जागा एकही नाही. त्याच वर्षी पेडर तळं पाण्याखाली गेलं. त्याच सप्टेंबरात ब्रेंडा हीन नावाची बाई तळ्यासाठी दाद मागायला छोट्या विमानातून राजधानीला निघाली. ती आणि वैमानिक मॅक्स प्राइस, दोघंही पोचले नाहीत. विमानही सापडलं नाही. पक्ष पुढं चार-पाच वर्षं कसाबसा चालला आणि थांबला.

काका म्हणतील, "बघ, मी काय सांगत होतो? डुबुक."

पण काका, पुढचं ऐका.

त्याच पक्षातून आणि त्याच लोकांतून पुढचं आंदोलन उठलं. सरकारने दुसरी नदी धरली, फ्रँकलिन. १२ डिसेंबर १९८१ ला सरकारने लोकांचं मत घेतलं. मत कशावर? धरण इथे बांधू की तिथे बांधू, एवढंच. 'धरण नको' हा रकानाच कागदावर ठेवला नाही. तिथे मतदान सक्तीचं आहे, घरी बसता येत नाही. तेव्हा लोकांनी काय केलं? मतपत्रिका हातात घेतली आणि पेनाने त्यावर लिहिलं, 'धरण नको'. तीनातल्या जवळजवळ एका माणसाने असं लिहिलं. सरकारने ती मतं बाद म्हणून बाजूला काढली. पण बाद झालेल्या मतांचा तो ढीग साऱ्या देशाने बघितला.

मग १४ डिसेंबर १९८२ पासून नदीवर नाकेबंदी सुरू झाली. रबराच्या होड्या घेऊन लोक यंत्रांना आडवे गेले. बाराशेच्या वर अटका झाल्या. त्यात बॉब ब्राउन नावाचा डॉक्टर होता, १९७५ साली याच हरलेल्या पक्षाचा उमेदवार राहिलेला. १९ दिवस तुरुंगात राहिला. सुटला आणि लगेच रिकाम्या झालेल्या जागेवर बेटाच्या विधानसभेत जाऊन बसला. १ जुलै १९८३ ला देशाच्या सर्वांत मोठ्या कोर्टाने निकाल दिला. सातांपैकी चार न्यायाधीश धरणाच्या विरुद्ध गेले आणि नदी वाचली. १९८९ साली त्या विधानसभेच्या ३५ जागांपैकी पाच जागा हिरव्यांना मिळाल्या आणि त्यांच्या टेकूशिवाय सरकार उभं राहीना.

म्हणून म्हणतो, पडलेलं मत आणि वाया गेलेलं मत एक नव्हे. जे मत दारूच्या बाटलीवर आणि पन्नासच्या नोटेवर जातं, आणि ज्याच्या उमेदवाराचं तोंड पुढं पाच वर्षं दिसत नाही, ते जिंकलं तरी वाया गेलेलं आहे.

पण त्यांचं बघून डोळे मिटून उडी मारायची नाही. तिथली मोजणी वेगळी आहे. एका मतदारसंघातून सात जण निवडून जात होते. शंभरातली साडेबारा-तेरा मतं मिळाली की एक जागा पक्की. आपल्याकडे एक मतदारसंघ, एक आमदार. शंभरात तीस मतं घेऊनही माणूस पडतो. आपल्या राखीव जागेवर मोठे पक्ष आपलाच एखादा भाऊ उभा करतात, अंगठा त्याचा आणि हुकूम त्यांचा. आणखी एक धडा बघा. १९९८ साली त्या बेटावरचे दोन्ही मोठे पक्ष एक झाले आणि त्यांनी जागा ३५ च्या २५ केल्या. तेव्हा सातऐवजी पाच निवडायचे झाले, म्हणजे जागेला शंभरातली सोळा-सतरा मतं लागली. हिरव्यांच्या चार जागा होत्या, एक राहिली. बारक्याची भीती वाटली की मोठे नियमच बदलतात. तेव्हा नुसत्या निवडणुकीवर भरवसा ठेवून पाड्यातली संघटना ढिली केली, तर आपण मेलो. त्यांची नदी मतपेटीने एकटीने वाचवली नाही. होडीत बसलेल्या, तुरुंगात गेलेल्या माणसांनी वाचवली.

हे काकांसाठी झालं. आता ताईंशी भांडण.

ही हिरवी मंडळी त्या रानाला एक शब्द वापरत आली, 'विल्डरनेस'. डिक्शनरीत अर्थ बघितला. माणसाचा हात न लागलेलं, ओसाड रान. १९८२ साली ते रान जगाच्या वारसा यादीत गेलं, तेव्हा नावातही हाच शब्द घातला. मी वाचता वाचता थांबलो. मनात आलं, ओसाड? तिथे कोणीच नव्हतं?

होतं. टास्मानियाचे मूळ लोक हजारो वर्षं तिथे राहत होते. आता ते स्वतःला पालावा म्हणवतात. त्या डोंगरातल्या माळांवर ते आग लावून गवत नवं करत, त्यावर शिकार येई. आपण राब भाजतो तसं त्यांचं शहाणपण. १८०३ साली इंग्रज आले आणि जमिनी बळकावू लागले. १८३० साली दोन हजारांवर गोऱ्यांची रांग करून, आपण सशाला हाका घालतो तसा माणसांना हाका घातला. उरलेल्यांना गोड बोलून दुसऱ्या एका बेटावर नेऊन ठेवलं. दोनशेच्या आसपास माणसं नेली. १८४७ साली तिथून परत आणली तेव्हा ४७ उरली होती. १८७६ साली त्रुगानिनी नावाची बाई वारली, तेव्हा सरकारने जाहीर केलं की शेवटची संपली, आता या बेटावर मूळ माणूस नाही. तिचा सांगाडा म्युझियममध्ये मांडून ठेवला. तिची राख समुद्राला मिळायला १९७६ साल उजाडलं.

आणि हे 'संपली' खोटं होतं. आजूबाजूच्या बेटांवर त्यांची लेकरं, नातवंडं जिवंत होती, आजही आहेत. पण सरकारच्या कागदावर ती नव्हती. कागदावर माणूस नसला की जमीन कोणाचीच नाही, आणि कोणाचीच नाही ती सरकारची. ही युक्ती कुठं बघितल्यासारखी वाटते ना?

आता सगळ्यात मोठी गोष्ट ऐका. फ्रँकलिनच्या काठाला एक गुहा आहे. १९८१ साली तिथे खणलं तर दगडाची हत्यारं, खाल्लेल्या जनावरांची हाडं आणि चुलींची राख निघाली, वीस हजार वर्षांपूर्वीपर्यंतची. नदी वाचवणाऱ्यांनी त्या गुहेला नाव काय दिलेलं? देशाच्या पंतप्रधानाचं, फ्रेझरचं, त्याचं लक्ष जावं म्हणून! मूळ लोकांनी पुढं ते बदलून 'कुटिकिना' केलं. कोर्टात धरणाविरुद्ध जे मुद्दे लढवले, त्यांत या गुहेचाही मुद्दा होता. म्हणजे ज्या रानाला 'माणूस नसलेलं रान' म्हटलं, ते वाचवायला साक्षीला माणसाचीच चूल आली! आणि ती गुहा चुलीच्या मालकांच्या नावावर कधी झाली? कायदा झाला १९९५ साली. नदी वाचल्यावर बारा वर्षांनी, बारा ठिकाणं परत मिळाली, त्यात ही एक.

ताई, माझा राग हिरव्या पक्षावर नाही. ते लढले, तुरुंगात गेले, त्यांना माझा जोहार. राग त्या शब्दावर आहे. कारण तो शब्द समुद्र ओलांडून इथेही आला आहे. ज्या १९७२ साली तो पक्ष निघाला, त्याच साली आपल्याकडे वन्यजीवांचा कायदा झाला. अभयारण्याची रेघ ओढली की रेघेच्या आतला पाडा एका रात्रीत अडचण होतो. १९९७ साली बोरिवलीच्या नॅशनल पार्कातून अतिक्रमणं हटवा असा हुकूम हायकोर्टाने दिला. तो कोणाच्या अर्जावर? बिल्डरच्या नाही, पर्यावरणवाल्यांच्या. तिथल्या आपल्या वारली पाड्यांच्या डोक्यावरही तीच तलवार आली. दुसरीकडे १९९३ साली नर्मदेकाठचं मणिबेली धरणात गेलं. एक म्हणतो विकासासाठी ऊठ, दुसरा म्हणतो वाघासाठी ऊठ. उठायचं मात्र आपणच.

माझ्या बाबांचा प्लॉट डोंगराच्या उताराला आहे. नागली आणि वरई. फॉरेस्टचा माणूस दरसाल यायचा, कोंबडी खायचा आणि दंडाची पावती फाडून जायचा. आयेने त्या पावत्या कधी टाकल्या नाहीत. घरातल्या हिरव्याच्या टोपलीजवळ गुंडाळून ठेवल्या आहेत. आज तीच एक आमची साक्ष, की आम्ही तेव्हाही इथेच होतो. आमची 'चुलीची राख' ती. शहरातल्या भावांना माहीत नसेल म्हणून सांगतो, हिरवा हा आमच्या घरातला देव आहे, मोरपिसातला. वाघ्या शिवेवर उभा असतो. आम्हाला हिरवं काय ते शिकवायला पक्ष नको. पक्षाने आमच्याकडून शिकावं, की आमच्यात हिरवा घराच्या आत राहतो, माणसाला बाहेर काढून नाही.

तेव्हा माझं म्हणणं सरळ आहे. उद्या हिरवा येवो, लाल येवो, आणि कोणता येवो, ग्रामसभेत बसवून तीन प्रश्न विचारायचे.

एक. आमचे फॉरेस्ट प्लॉट तुम्ही शेत म्हणता की अतिक्रमण म्हणता? उत्तर एका शब्दात पाहिजे.

दोन. रान राखायचं तर निर्णय कोण घेणार, ग्रामसभा की जंगल खातं? १९९६ च्या कायद्याने आपल्या भागात ग्रामसभेला मान दिला आहे. तो तुम्ही मानता का?

तीन. उमेदवार कोण ठरवणार? पाड्यांनी ठरवायचा की तुमच्या शहरातल्या ऑफिसने?

तिन्ही उत्तरं नीट आली तर तो पक्ष कितीही बारका असो, शंभरात चार मतांचा असो, मी त्याचा झेंडा खांद्यावर घेऊन पाड्या-पाड्याला फिरेन आणि पडलो तर लाज धरणार नाही. एक जरी उत्तर गोल आलं, तर चहा पाजून, जोहार करून परत पाठवायचा.

आणि कोणीच नीट उत्तर दिलं नाही तर? तर त्या बेटावरच्या लोकांनी केलं तेच. कागदावर रकाना नसेल तर आपला रकाना आपण लिहायचा, आपला माणूस आपण उभा करायचा. संघटनेच्या पुढच्या बैठकीत मी हा विषय मांडणार आहे. काकांनी यावं आणि भांडावं. ताईंनीही यावं. येताना दंडाच्या पावत्या ज्यांच्या घरी असतील त्यांनी त्या सोबत आणाव्यात, म्हणजे पाड्यावार यादी करता येईल.

जोहार!

— संघटनेचा एक कार्यकर्ता