वनांचा हिशेब आरोग्याच्या वहीत हवा

शहरातील झाडे तोडावयाची ठरली की आपल्याकडे दोन पक्ष तत्काळ उभे राहतात. एक विकासाचा कैवार घेतो, दुसरा निसर्गाचा. या वादात माणसाच्या प्रकृतीचा उल्लेख सहसा होत नाही. वस्तुतः तो प्रथम व्हावयास हवा.

जपानच्या वनखात्याने १९८२ साली ‘शिनरिन-योकू’ म्हणजे वनस्नानाची कल्पना पुढे मांडली, तेव्हा तिच्यामागे शास्त्रीय आधार फारसा नव्हता. तो पुढे जमत गेला. १९८४ साली रॉजर उलरिच यांनी पेन्सिल्व्हेनियातील एका रुग्णालयाच्या जुन्या नोंदी तपासल्या. पित्ताशयाच्या शस्त्रक्रियेनंतर ज्यांना खिडकीतून झाडे दिसत होती, ते रुग्ण समोर विटांची भिंत असलेल्यांपेक्षा लवकर घरी गेले. त्यांना तीव्र वेदनाशामकेही कमी लागली. जपानी संशोधकांना वनात फिरणाऱ्यांचा रक्तदाब व नाडीचे ठोके उतरल्याचे आढळले. २०१९ साली इंग्लंडमधील सुमारे २०,००० लोकांच्या पाहणीतून दिसले की, आठवड्यास किमान १२० मिनिटे निसर्गात घालविणारे लोक आपली प्रकृती चांगली असल्याचे अधिक प्रमाणात सांगतात.

यावर आक्षेप घेता येईल. काही प्रयोगांतील माणसे मोजकीच होती. शिवाय धडधाकट माणसेच रानात अधिक जात असतील. हे मान्य. वन हे औषध नव्हे आणि वैद्याची जागा ते घेऊ शकत नाही. परंतु सावली, स्वच्छ हवा, शांतता आणि चालणे यांचा शरीरास लाभ होतो, हे नाकारण्यास यातून आधार मिळत नाही.

मुंबईच्या कुशीत सुमारे १०४ चौरस किलोमीटरचे संजय गांधी राष्ट्रीय उद्यान आहे. तुळशी व विहार या तलावांना याच वनाने जपले. त्याला लागून असलेल्या आरे वसाहतीत ऑक्टोबर २०१९ मध्ये दोन हजारांहून अधिक झाडे तोडली गेली. सर्वोच्च न्यायालयाने तोड थांबविली, तोवर बरेचसे काम उरकले होते. अशा वेळी ‘पर्यायी वृक्षलागवडी’चे आश्वासन ठरलेले असते. परंतु शेकडो कोसांवर लावलेले रोप येथील दमेकऱ्याच्या काय कामाचे? झाडांची भरपाई कागदावर होते. श्वासांची होत नाही.

ज्यांच्या गाठी पैसा आहे, ते महाबळेश्वरास जाऊ शकतात. दहा बाय दहाच्या खोलीत राहणाऱ्या कुटुंबास मात्र जवळचे रान हाच एकमेव हवापालट. म्हणून वृक्षतोडीची परवानगी देण्यापूर्वी आरोग्य खात्याचे मत लेखी घेतले जावे आणि ते लोकांपुढे ठेवले जावे. रुग्णालयाची एक इमारत पाडावयाची झाली, तर आपण शंभर प्रश्न विचारू. वनाच्या बाबतीत एक तरी विचारावयास नको काय?