मोजे, गुरुजी आणि बिनपगारी शिष्य

परवा आमच्या भागातल्या व्याख्यानमालेत एका सद्गृहस्थांनी सव्वा तास अमेरिकेतल्या कॉलेज-खेळांची आरती ओवाळली. मुलगा तिकडे असतो, दर उन्हाळ्यात दोन महिने जाऊन येतात, त्यामुळे अधिकारवाणीने बोलतात. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं: तिथले कोच म्हणजे आपल्या हरवलेल्या गुरुकुलातले आचार्य. मुलं निरिच्छपणे खेळली, आचार्यांनी चारित्र्य घडवलं, विद्यापीठांनी फुकट शिकवलं. मग 2021 साली खेळाडूंना स्वतःच्या नावावर जाहिरातींचे पैसे घ्यायची मुभा मिळाली आणि लक्ष्मी आली तशी सरस्वती उठून गेली. टाळ्या पडल्या. पुढच्या रांगेत एकाने डोळे पुसले. त्याला सर्दी होती हे मला चहाच्या वेळी कळलं.

पुरावा म्हणून अर्थातच जॉन वुडन. लॉस एंजेलिसच्या यूसीएलएचे बास्केटबॉल कोच, बारा वर्षांत दहा राष्ट्रीय विजेतेपदं, सलग 88 सामने जिंकलेले. पहिल्या सरावाला वुडन खेळाडूंना मोजे घालायला शिकवत. चवड्यापासून टाचेपर्यंत हात फिरवून सुरकुती काढायची; सुरकुती राहिली की फोड येतो, फोड आला की सराव बुडतो. वक्त्यांनी स्टेजवर बूट काढून प्रात्यक्षिक दाखवलं. ही गोष्ट मलाही आवडते, खोटं कशाला बोलू? पण वुडन 1948 साली तिथे आले आणि पहिलं विजेतेपद मिळालं 1964 साली, हे सांगायचं राहिलं. ड्यूक विद्यापीठाचे बास्केटबॉल कोच माइक शशेफ्स्की यांनी पहिल्या तीन हंगामांत 38 सामने जिंकले आणि 47 हरले. पुढे पाच विजेतेपदं मिळवली. आजचे विद्यापीठवाले एवढी कळ काढतील? आणि खरं चारित्र्य दाखवायचं होतं तर 1947 सालचा इंडियाना स्टेटचा प्रसंग होता की. क्लॅरेन्स वॉकर या कृष्णवर्णीय खेळाडूला मज्जाव म्हणून वुडननी स्पर्धेचं निमंत्रणच नाकारलं. दुसऱ्या वर्षी नियम बदलला आणि वॉकर खेळला. पण मोज्यांना टाळ्या जास्त मिळतात.

माझं खरं भांडण त्या ‘निरिच्छपणे’शी आहे. हा शब्द वक्त्यांना आभाळातून सापडलेला नाही, तो एका कचेरीत घडवलेल्या मालाचा मराठी अवतार आहे. ‘विद्यार्थी-खेळाडू’ हा जोडशब्द ऐकायला किती सात्त्विक! जन्मकथा मात्र विम्याच्या दाव्यांची आहे. 1950 च्या दशकात डेन्व्हर विद्यापीठाचा अर्नेस्ट नेमेथ हा फुटबॉलपटू जखमी झाला. विद्यापीठ त्याला टेनिस कोर्ट झाडायच्या कामाचे पैसे देई, आणि ते काम फुटबॉल खेळण्यावर टिकून होतं. कोर्टाने 1953 साली त्याला कामगार ठरवून भरपाई दिली. झालं! कॉलेज-खेळांचा कारभार पाहणाऱ्या एनसीएएच्या पोटात गोळा आला. खेळाडू कामगार ठरला तर प्रत्येक मोडलेल्या हाडाचं बिल आलं. मग प्रमुख वॉल्टर बायर्स यांच्या काळात हा शब्द आला आणि नियमांत, पत्रकांत सगळीकडे तोच वापरायचा असा दंडक झाला. ही माझी कुजकी कल्पना नव्हे. निवृत्तीनंतर 1995 साली लिहिलेल्या पुस्तकात बायर्सनी स्वतःच हे कबूल केलं.

1955 साली कोलोरॅडोतल्या फोर्ट लुईस कॉलेजकडून खेळताना रे डेनिसन डोक्याला मार लागून वारला. मागे बायको आणि लहान मुलं. भरपाई मंजूर झाली, पण प्रकरण राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि 1957 साली ती रद्द झाली. कारण काय, तर कॉलेज काही फुटबॉलच्या धंद्यात नाही! तिकिटं विकायची, बँड वाजवायचा, मैदानाला कुंपण घालायचं, पण धंदा नाही. आमच्या कोपऱ्यावरचा वडेवालासुद्धा इतकं शांत तोंड ठेवून ‘हे समाजकार्य आहे’ म्हणणार नाही.

हे ऐकताना मला आमचा जुना वाद आठवतो. तीस वर्षांपूर्वी हौशी नाटकवाल्यांच्या एका परिसंवादात मी म्हटलं होतं, नटाला निदान रिक्षाभाडं द्या. तेव्हा अशाच एका सात्त्विक गृहस्थांनी ‘मग कलेचा बाजार होईल’ म्हणून मला गप्प केलं. हॉलचं भाडं, मांडववाला, लाइटवाला, चहावाला, सगळ्यांना पैसे मिळाले. बाजार फक्त नटाला दिल्यानेच होणार होता. त्या रात्री राजा झालेला पोरगा दादरहून चालत घरी गेला. हौस नेहमी दुसऱ्याच्या खिशातून करायची असते, हे मी तेव्हाच शिकलो.

तिकडचंही तेच. वुडनच्याच यूसीएलएचा एड ओबॅनन 1995 च्या विजेत्या संघाचा नायक. अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगमधली, म्हणजे एनबीएमधली, कारकीर्द दोन हंगामांत आटोपली, पुढे तो लास वेगासमध्ये मोटारी विकत होता. एका मित्राच्या घरी त्याला व्हिडिओ गेममध्ये स्वतःच दिसला: तोच 31 नंबर, तोच डावखुरा हात. गेम विकला जात होता, ओबॅननला छदाम नव्हता. त्याने 2009 साली दावा लावला. वक्ते म्हणतात तो ‘पैसा शिरला’ तो काही चोरदरवाजाने शिरला नाही. तो माजघरात आधीपासून मांडी ठोकून बसला होता, फक्त पंगत वेगळी होती. त्या पंगतीतला एक घास सांगतो. टेक्सास ए अँड एमने 2023 च्या नोव्हेंबरमध्ये जिम्बो फिशर या फुटबॉल कोचला काढलं आणि उरलेल्या करारापोटी साडेसात कोटी डॉलरहून अधिक देणं मान्य केलं. शिकवण्याची दक्षिणा ऐकली होती, न शिकवण्याची इथेच पाहिली.

वक्त्यांची आणखी एक तक्रार: ‘पैशामुळे मुलं दरवर्षी कॉलेज बदलतात, निष्ठा उरली नाही.’ फुटबॉल कोच निक सेबन मिशिगन स्टेटहून एलएसयूला, तिथून मायामी डॉल्फिन्सला, तिथून अलाबामाला गेले, तेव्हा त्याला करिअर म्हणत होते.

‘शिक्षण फुकट मिळतं.’ 1973 नंतर कितीतरी वर्षं शिष्यवृत्ती एकेका वर्षाचीच असे. गुडघा गेला की पुढचं कोचच्या मर्जीवर.

मग मला हवंय तरी काय? फार मोठं काही नाही. पॅट समिटसारखा कोच आणि पैसे मिळणारा खेळाडू, दोन्ही एकदम. समिट 1974 साली, बाविसाव्या वर्षी टेनेसी विद्यापीठाच्या महिला बास्केटबॉल संघाच्या कोच झाल्या, महिना 250 डॉलरवर. गणवेश स्वतः धुवायच्या, व्हॅन स्वतः चालवायच्या. 38 हंगामांत 1,098 विजय आणि आठ विजेतेपदं. त्यांच्याकडे पूर्ण मुदत खेळलेली प्रत्येक मुलगी पदवी घेऊन बाहेर पडली, हा त्यांचा लौकिक. 2011 साली स्मृतिभ्रंशाचं निदान झाल्यावरही त्यांनी आणखी एक हंगाम संघ सांभाळला. आणि 2006 साली त्यांचा पगार दहा लाख डॉलरच्या वर गेला, महिला बास्केटबॉलमध्ये पहिल्यांदाच. तेव्हा त्यांचं गुरुपण विटाळलं असं कुणी म्हणालं नाही. गुरूला जे चाललं ते शिष्याला का चालू नये, एवढंच माझं म्हणणं. पैशाच्या वाटपात घोळ होतील, दलाल येतील, ते मलाही दिसतंय; त्यावर माझ्याकडे तोडगा तयार नाही. पण 2021 साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाच्या नऊच्या नऊ न्यायमूर्तींनी एनसीएएने शिक्षणाशी निगडित लाभांवर घातलेल्या मर्यादा बेकायदा ठरवल्या. नऊ जणांचं एकमत आमच्या सोसायटीत पाण्याच्या टाकीवरही होत नाही.

व्याख्यानाच्या शेवटी प्रश्नोत्तरं नव्हती, वेळ संपला होता. निघताना वक्त्यांना मानधनाचं पाकीट आणि श्रीफळ देण्यात आलं. त्यांनी दोन्ही घेतलं.