हातावर तुरी

२०१५ च्या दसरा-दिवाळीच्या सुमारास तूरडाळीने किलोला दोनशे रुपयांची पायरी गाठली, तेव्हा देशभर एकच हलकल्लोळ उडाला होता. गोदामांवर धाडी पडल्या, हजारो टन डाळ जप्त झाली, वृत्तवाहिन्यांवर गृहिणींच्या मुलाखती झाल्या, विरोधकांनी मोर्चे काढले आणि विनोदकारांचीही चांगली सोय झाली. त्यानंतर जेमतेम दीड वर्षाने, २०१७ च्या मार्च-एप्रिलमध्ये, महाराष्ट्रातील खरेदी केंद्रांसमोर तुरीने भरलेल्या ट्रॅक्टर-ट्रॉल्यांच्या रांगा लागल्या. शेतकरी आपल्या मालाच्या राशीवरच रात्री काढत होते. कुठे बारदाना संपला होता, कुठे चाळणीचे निमित्त होते, कुठे मोजमाप बंद होते. हमीभाव ५,०५० रुपये जाहीर झालेला होता आणि मोंढ्यात चार हजारांच्या आगेमागे सौदे होत होते. या दुसऱ्या प्रसंगी शहरांतील किती घरांत त्याची चर्चा झाली? डाळ स्वस्त झाली होती. बातमी आतल्या पानावर गेली होती.

या दोन दृश्यांत जे अंतर आहे, त्याविषयी आज लिहावयाचे आहे. कारण हे चक्र एकदाच फिरून थांबलेले नाही. २०२२ च्या अखेरीस कलबुर्गी परिसरातील उभ्या तुरीवर मर रोग पडला, देशाचे उत्पादन घसरले आणि पुढची दोन वर्षे भाव पुन्हा चढले. जून २०२३ मध्ये आणि पुन्हा जून २०२४ मध्ये केंद्राने साठ्यावर मर्यादा घातल्या. मग पीक बरे आले, आयातही भरपूर झाली आणि २०२५ च्या पावसाळ्याच्या तोंडावर ७,५५० रुपये हमीभावाची तूर बाजारात सात हजारांच्या खाली विकली जाऊ लागली. महागाई, घबराट, आयात, भरघोस पेरा, मंदी, निराशा, घटलेला पेरा आणि पुन्हा महागाई, असा हा फेरा आहे. त्यात सरकारे बदलली, अधिकारी बदलले, फेरा मात्र बदलला नाही.

एक गोष्ट आधी लक्षात घेतली पाहिजे. तूर जून-जुलैत पेरली जाते आणि घरात येते ती डिसेंबर ते फेब्रुवारीच्या दरम्यान. लहान शेतकरी ती साठवून ठेवू शकत नाही. सोसायटीचे कर्ज, मुलीचे लग्न, पुढच्या हंगामाची तजवीज, सारे त्याच पैशांवर अवलंबून असते. म्हणून दसरा-दिवाळीला डाळ दोनशे रुपये झाली, तेव्हा शेतकऱ्याच्या घरात तुरीचा दाणाही नव्हता, त्याचे नवे पीक अजून शेतात फुलोऱ्यावर होते. त्या दोनशे रुपयांतील वाढीव रक्कम त्याला मिळाली नाही. परंतु ती पाहून पुढच्या जूनमध्ये त्याने तुरीचा पेरा वाढवला. पाऊसही चांगला झाला. २०१५-१६ मध्ये सुमारे २५ लाख टन असलेले देशाचे उत्पादन २०१६-१७ मध्ये ४८ लाख टनांच्या पुढे गेले, महाराष्ट्रात तर ते एका वर्षात चौपटीहून अधिक झाले. सरकारने आवाहन केले होते आणि शेतकऱ्याने ते शब्दशः मानले होते. त्याचे फळ म्हणून त्याला खरेदी केंद्रापुढची रांग मिळाली. मराठीत ‘हातावर तुरी देणे’ हा वाक्प्रचार कोणी आणि कशावरून घडवला कोण जाणे, पण त्या वर्षी तो अक्षरशः खरा ठरला.

वाचकांना आम्ही एक साधे गणित करून पाहण्याची विनंती करतो. शंभर किलो तूर गिरणीत घातली, की साधारणतः सत्तर किलो डाळ हाती येते. उरते ती चुनी आणि भुसा. २०२५-२६ च्या हंगामासाठी तुरीचा हमीभाव क्विंटलला ८,००० रुपये जाहीर झाला. म्हणजे शेतकऱ्याला हा भाव खरोखर मिळाला असेल, तर एक किलो डाळीत नुसत्या तुरीचीच किंमत ११४ रुपये झाली. चुनी-भुशाचे थोडेबहुत पैसे सुटतात हे खरे. पण गिरणीचा खर्च, हमाली, अडत, वाहतूक, घाऊक व्यापाऱ्याचा आणि कोपऱ्यावरच्या वाण्याचा नफा हे सारे त्यावर चढायचे असते. तेव्हा वाण्याकडे फटका तूरडाळ किलोला शंभर-एकशेदहा रुपयांनी मिळू लागली, की समजावे, कोणाला तरी हमीभाव मिळालेला नाही. स्वस्त डाळीच्या पिशवीत कोणाचा तरी तोटा बांधून दिलेला असतो.

आता व्यापाराची बाजू पाहू. जगात सर्वाधिक कडधान्ये पिकवणारा, सर्वाधिक खाणारा आणि सर्वाधिक विकत घेणाराही देश भारतच आहे. तुरीच्या बाबतीत तर हे अधिकच खरे आहे. म्यानमारचा शेतकरी तूर पेरतो ती बहुतांशी भारतासाठी. मोझांबिक, मलावी, टांझानिया या पूर्व आफ्रिकेतील देशांतही तुरीचा पेरा वाढला तो आपल्या वरणाच्या भरवशावर. मुंबईच्या घाऊक बाजारात लेमन, अरुशा, गजरी अशी नावे ऐकू येतात, ती याच परदेशी तुरींची. २०२४-२५ मध्ये देशात सुमारे ७३ लाख टन कडधान्ये आयात झाली. हा आजवरचा उच्चांक होता आणि त्यात तूर १२ लाख टनांच्या आसपास होती. मे २०२१ मध्ये तुरीची आयात खुली करण्यात आली, मार्च २०२३ मध्ये आयातशुल्क शून्यावर आणले गेले आणि मग ही सवलत वर्षावर्षाने वाढत राहिली. जानेवारी २०२५ मध्ये ती ३१ मार्च २०२६ पर्यंत वाढवण्यात आली. जानेवारी म्हणजे महाराष्ट्र-कर्नाटकातील नवी तूर बाजारात उतरण्याचा महिना, हे ध्यानात घ्यावे. आफ्रिकेतील माल सप्टेंबरपासून आपल्या बंदरांत येऊ लागतो आणि आपल्या शेतकऱ्याची रास होण्यापूर्वीच बाजाराची भूक बरीचशी भागलेली असते.

आयात मुळीच नको, असे म्हणणारे आम्ही नव्हे. पावसाच्या भरवशावर शेती असलेल्या देशात एखादे वर्ष हुकणारच आणि त्या वर्षी बाहेरून डाळ आणावी लागणारच. २०१६ मध्ये मोझांबिकशी आणि २०२१ मध्ये म्यानमार व मलावीशी सरकारने दीर्घ मुदतीचे करार केले, ते दूरदृष्टीचेच होते. तथापि परावलंबनाला काही काळानंतर स्वतःची अशी किंमत मोजावी लागते. २०२३ च्या अखेरीस मोझांबिकमध्ये निर्यातदारांचे आपापसांतील भांडण न्यायालयात गेले, नकाला बंदरात तूर अडकून पडली आणि त्याची झळ आपल्या बाजाराला बसली. कोठल्या तरी दूरच्या न्यायालयातील वादाने पुण्या-नागपूरच्या स्वयंपाकघराचा हिशेब बिघडावा, ही काही भूषणावह अवस्था नव्हे. उलट २०१७ मध्ये आपण आयातीवर एकाएकी मर्यादा घातली, तेव्हा तिकडच्या गरीब शेतकऱ्याची तूर मातीमोल झाली. त्यालाही आपणच पेरायला सांगितले होते. धरसोडीचे धोरण घरच्याचे भले करत नाही आणि दारच्याचेही करत नाही.

दिवाळीला चिनी आकाशकंदील नको, असे आपल्यापैकी पुष्कळांच्या घरी कटाक्षाने ठरते. ते योग्यच आहे. परंतु त्याच दिवशी देवापुढे ठेवलेल्या नैवेद्याच्या वाटीतील वरण लातूरचे की नकालाचे, हे आपल्याला ठाऊक नसते. पाकिटावर गिरणीचे नाव असते, शेताचे नसते. स्वदेशीचा विचार ताटापर्यंत पोहोचला पाहिजे, असे आम्हाला वाटते.

आणि या ताटाची व्याप्ती केवढी आहे! एकाच दाण्याची देशभर किती रूपे दिसतात! महाराष्ट्रात साधे वरण आणि चिंचगुळाची आमटी. नागपूर-वर्ध्याकडे थंडीत ओल्या तुरीचे सोले येतात, तेव्हा सोलेभाताशिवाय पंगत होत नाही. गुजरातेत तेल लावलेली डाळ पसंत करतात आणि पुरणसुद्धा तुरीचेच घालतात. कर्नाटक-तामिळनाडूत सांबार-रसम, आंध्र-तेलंगणात पप्पू, आणि उत्तरेत हीच तूर अरहर म्हणून ओळखली जाते. बंगाल मसुरीवर प्रेम करतो, राजस्थान मुगावर, पण दख्खन आणि त्याखालचा सारा भारत मुख्यतः तुरीवर जेवतो. गंमत अशी, की खाणारा भारत एवढा विस्तीर्ण असला, तरी देशातील जवळजवळ निम्मी तूर महाराष्ट्र आणि कर्नाटक ही दोनच राज्ये पिकवतात, आणि तीही बव्हंशी कोरडवाहू जमिनीत, सोयाबीन किंवा कपाशीच्या ओळींमध्ये जागा करून. मराठवाडा-विदर्भात पाऊस रुसला किंवा, २०२५ च्या सप्टेंबरात मराठवाड्यात झाला तसा, अतिवृष्टीने कोसळला, तर चेन्नईच्या सांबारालाही त्याची जाणीव होते.

१९५१ मध्ये या देशात माणशी दररोज सुमारे ६१ ग्रॅम कडधान्य उपलब्ध होते. शतक संपताना ते निम्म्यावर आले. गहू-तांदळाच्या हरितक्रांतीने देशाची भूक भागवली, हे ऋण मान्यच केले पाहिजे. पण पाणी, खत, संशोधनाचा पैसा आणि मुख्य म्हणजे हमखास सरकारी खरेदी सारी त्या दोन पिकांकडे वळली, आणि तूर बरड रानात उरली. हवेतील नत्र मुळांच्या गाठींत बांधून जमिनीला परत देणारे, पानगळीने रान भुसभुशीत करणारे, तुराट्यांचे सरपण आणि कुडाचे सामान पुरवणारे हे पीक स्वतः मात्र उपेक्षितच राहिले. बदनापूरच्या संशोधन केंद्राने बीडीएन ७११ सारखे लवकर येणारे वाण दिले, बोरसुरीच्या आणि नवापूरच्या डाळीला भौगोलिक मानांकन मिळाले, हे आनंदाचे आहे. तरी आजही देशाचे सरासरी उत्पादन हेक्टरी आठ क्विंटलांच्या आगेमागेच घोटाळते.

ऑक्टोबर २०२५ मध्ये केंद्र सरकारने कडधान्य आत्मनिर्भरता अभियान सुरू केले. ११,४४० कोटी रुपयांची तरतूद, २०३०-३१ पर्यंत ३५० लाख टन उत्पादनाचे उद्दिष्ट आणि नोंदणी केलेल्या शेतकऱ्यांकडून तूर, उडीद, मसूर यांची चार वर्षे संपूर्ण खरेदी, अशी त्याची रूपरेषा आहे. आम्ही त्याचे मनःपूर्वक स्वागत करतो. मात्र स्वागत करतानाच २०१७ विसरता येत नाही. तेव्हाही हेतू चांगलाच होता, अडले ते बारदान्यापाशी आणि वजनकाट्यापाशी. कोट्यवधींची योजना दिल्लीत आखता येते, पण ती यशस्वी होते की नाही, ते तालुक्याच्या खरेदी केंद्रावर ठरते. आणि एका हाताने खरेदीचे वचन देत असताना दुसऱ्या हाताने शून्य शुल्काची आयात चालू ठेवली, तर ते वचन सरकारच्याच तिजोरीला जड जाईल.

महागाईचा प्रश्न गरिबाचा आहे, असे म्हटले जाते. ते अर्धसत्य आहे. गरिबाला डाळ मिळालीच पाहिजे, आणि तिचा मार्गही उपलब्ध आहे. तामिळनाडू २००७ पासून शिधापत्रिकेवर तूरडाळ तीस रुपये किलोने देत आला आहे. पण बाजारभाव पाडून जो लाभ होतो, तो गरिबाइतकाच, किंबहुना अधिक, आपल्यासारख्यांना होतो. महिन्याला तीन किलो डाळ लागणारे चौघांचे घर धरा. किलोमागे वीस रुपये वाढले, तर महिन्याचे साठ रुपये झाले. एका कुटुंबाच्या चहा-फराळाला बाहेर याहून अधिक लागतात. तेच वीस रुपये शेतकऱ्याच्या बाजूने मोजले, तर मधल्या साखळीची वजावट जाऊनही क्विंटलमागे हजारभर रुपयांचा फरक पडतो. दहा क्विंटल तूर होणाऱ्या घरात ते मुलाच्या वसतिगृहाचे पैसे असतात. गरिबाच्या आडून मध्यमवर्गाने स्वस्ताई मागू नये, हे आम्ही आमच्याच वाचकांना आदरपूर्वक सांगू इच्छितो. वाचकांना ते रुचेल की नाही, हा विचार करून लेखणी आवरावी असे वाटले नाही.

सरकारकडे आमचे मागणे फार मोठे नाही. आयातीचा आणि शुल्काचा निर्णय बाजारातील ओरड ऐकून घेऊ नये. २०१६ मध्ये अरविंद सुब्रमणियन यांच्या समितीने साठामर्यादा आणि निर्यातबंदी काढून टाकण्याची व २० लाख टनांचा राखीव साठा ठेवण्याची शिफारस केली होती. त्यातील साठ्याचा मार्ग धाडींच्या मार्गापेक्षा केव्हाही बरा. मोंढ्यातील भाव हमीभावाखाली असेल, तोवर परदेशी तुरीवर शुल्क आपोआप लागू व्हावे, अशी काही व्यवस्था करता येईल. त्यासाठी दरवर्षी अधिसूचनेची आणि तिच्या मुदतवाढीची वाट पाहावी लागू नये.

मृग बरसला, की मराठवाड्यातला शेतकरी पाभर जोडतो आणि सोयाबीनच्या किती ओळींमागे तुरीची एक ओळ टाकायची, हे बांधावर उभा राहून ठरवतो. त्या वर्षीच्या डिसेंबरात बाहेरून किती तूर येणार आहे, हे त्याला तेव्हा ठाऊक असायला हवे. म्हणून येत्या हंगामाचे आयातधोरण मे महिन्यातच, हमीभावाबरोबर, जाहीर व्हावे आणि रास घरात येईपर्यंत त्यात बदल होऊ नये.