जांभळ्या शुंडाचे राज्य
वृक्षारोपणाच्या शंभर भाषणांहून १९९३ सालचा ‘डे ऑफ द टेंटॅकल’ हा थट्टेखोर संगणक-खेळ, जो माझा भाचा या आठवड्यात रात्री जागून खेळला, मला अधिक सच्चा वाटतो. कारण त्यात एका शास्त्रज्ञाच्या यंत्राने नदीत सोडलेले विषारी पाणी पिऊन जांभळ्या शुंडाला, म्हणजे टेंटॅकलला, हात फुटतात, तो जग जिंकण्यास निघतो, आणि तरीही आदल्या दिवशी जाऊन ते यंत्र बंद करण्याची सोय खेळाडूंना असते. आम्हाला तशी सोय नाही: आमच्या शेंदूरजनाघाटात, जिथे जंबेरीच्या खुंटावर डोळे भरून संत्र्याची कलमे दूरदूर रवाना होतात, तिथे बोअरचे यंत्र हजार फुटांच्या बाता मारते आणि भूजलाचा कायदा दफ्तरात निर्धास्त निजतो. त्या खेळातला शास्त्रज्ञ निदान जाहीर वेडा आहे. आम्ही मात्र बोअर आटला की शेजारच्याहून पन्नास फूट खोल जाण्याचा बेत चहाच्या टपरीवर, भर चारचौघांत, मोठ्या शहाणपणाने पक्का करतो.