मुदत वाढवून मागायला कोणी अडवले होते?



‘उशीर म्हणजे अवमान नव्हे’ हे गेल्या अंकातील पत्र मला पटले नाही. १९७१च्या न्यायालय अवमान कायद्यात दिवाणी अवमानासाठी न्यायालयाचा आज्ञाभंग हेतुपुरस्सर असावा लागतो, हे खरे. पण आदेश पाळण्याची मुदत अपुरी वाटली तर ती वाढवून मागता येते. निकाल मान्य नसेल तर अपील आहे. मात्र नुसते अपील दाखल केल्याने स्थगिती मिळत नाही. यांपैकी काहीच न करता फाइल दाबून बसणे हा हेतू नव्हे तर काय?

माझ्या निवृत्तिवेतनाच्या फरकासाठी न्यायालयाने मुदत घालून दिली होती. ती उलटली, माझ्या अर्जांवर फक्त आवक क्रमांक पडत राहिले. अवमान याचिकेची नोटीस पोहोचली आणि सुनावणीच्या आदल्या संध्याकाळी मंजुरीचा आदेश निघाला. अडलेली सही तेव्हा कशी झाली?

शिवाय याच कायद्याच्या कलम २०नुसार अवमानाची कारवाई वर्षाच्या आत सुरू व्हावी लागते. वकिलाचा खर्च न झेपणारा माणूस हेलपाटे घालत राहतो आणि वर्ष सरते.

शिक्षेने प्रशासन खचते, हे त्या पत्रातले म्हणणेही चूक. २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आरागिरण्यांच्या परवान्यांवरून महाराष्ट्राचे मंत्री सुरूपसिंग नाईक यांना महिनाभराची कैद सुनावली. राज्यकारभार चालूच राहिला. अशी शिक्षा विरळाच. कायद्यातला कमाल दंड दोन हजार रुपये, तोही माफीनाम्यावर सुटतो. थकीत रकमेवरचे व्याज विलंब करणाऱ्या अधिकाऱ्याच्या पगारातून कापावे, अशी माझी मागणी आहे.

– एक निवृत्त शिक्षिका, सांगली