घरी वाचून घ्या!

डच शिकायचं तर लहान मुलांचे कार्यक्रम बघ, असं इथे गेंटला क्लासच्या बाईंनी सांगितलं. म्हणून एका शनिवारी चहा घेऊन 'केटनेट'चे जुने एपिसोड लावले. केटनेट म्हणजे व्हीआरटीचं मुलांचं चॅनेल, आणि व्हीआरटी म्हणजे फ्लँडर्सचं (बेल्जियमच्या डच बोलणाऱ्या भागाचं) दूरदर्शन म्हणा ना. एका कार्यक्रमात 'डॉक्टर बेआ' झालेली माईके काफमेयर ही अभिनेत्री मुलांना वयात येण्याबद्दल, सेक्सबद्दल हसतखेळत सांगत होती. मी पटकन दाराकडे बघितलं. खोलीत मी एकटाच!

सवय, दुसरं काय. महाराष्ट्र सरकारनं २००७ साली शाळांतल्या लैंगिक शिक्षणावर बंदी घातली तेव्हा मी प्राथमिक शाळेत होतो. पुढे प्रजननाचा धडा आला, तो सरांनी 'घरी वाचून घ्या' म्हणून सोडला. घरी कोण वाचतंय? बाकीचं ज्ञान मित्राच्या मोबाईलवरून मिळालं, आणि त्यातलं बरंचसं चुकीचं होतं.

इथे १९८९ मध्ये व्हीटीएम हे खाजगी चॅनेल आलं. तोवर फ्लेमिश टीव्ही म्हणजे सरकारीच. आता तर पोरं टीव्हीच फारसा बघत नाहीत. मग सरकारी पैशानं असले कार्यक्रम कशाला, नेटवर सगळं मिळतं की, असं कोणी म्हणेल. मला हे पटत नाही. टीव्हीवर गोष्ट न मागता समोर येते. नेटवर शोधावी लागते, आणि शोधायला आधी शब्द माहीत लागतो. दहा वर्षांच्या पोराला तोच माहीत नसतो. शिवाय चुकीचं सांगितलं तर व्हीआरटीला जाब विचारता येतो. फॉरवर्डला कोण विचारणार?

याच देशाच्या फ्रेंच भागात सप्टेंबर २०२३ मध्ये शाळांत लैंगिक शिक्षणाचे जेमतेम दोन-दोन तास दोन इयत्तांना सक्तीचे झाले. लहान मुलांना भलतंच शिकवणार, अशा अफवा सोशल मीडियावर पसरल्या आणि शार्लरवाच्या आसपास चक्क शाळांना आगी लागल्या. आईवडिलांची काळजी खरी होती, पण खरी माहिती पोचायच्या आत अफवा पोचली.

आम्ही आयटीवाले जाणतो, बहुतेक लोक डिफॉल्ट सेटिंग बदलत नाहीत. मुलांच्या हातात फोन आलाय, तर डॉक्टर बेआनं पण तिथे जावं, पण व्हीआरटीच्या नावानं, उघडपणे. नाहीतर डिफॉल्ट काय असणार, ते मित्राच्या मोबाईलवर आम्ही बघितलंय.

असो. तुमच्या सरांनी तो धडा शिकवला होता का?