सौदाचिठ्ठी आणि शब्दाची पत

वऱ्हाडात शेत किंवा घर विकावयाचे ठरले म्हणजे प्रथम सौदाचिठ्ठी होते. इसाराची रक्कम हाती पडते, साक्षीदारांच्या सह्या होतात आणि विक्रीपत्राची तारीख घातली जाते. बार्शीटाकळीसारख्या तालुक्याच्या गावी ही रीत लोकांच्या इतकी अंगवळणी पडली आहे की, चिठ्ठी होताना वकिलाची आठवण कोणासच होत नाही. ती होते तारीख टळल्यावर. आणि मग जो तंटा दोन घटकांच्या दक्षतेने टळला असता, तो दिवाणी न्यायालयात वर्षानुवर्षे चालतो.

प्रथम हे ध्यानात धरावे की, सौदाचिठ्ठीने मालकी मिळत नाही. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याप्रमाणे विक्रीच्या करारापासून मालमत्तेत कोणताही हक्क किंवा बोजा उत्पन्न होत नाही. घेणारास मिळतो तो विक्रीपत्र करून मागण्याचा अधिकार. विकणारा नाकबूल झाल्यास १९६३ च्या विनिर्दिष्ट अनुतोष कायद्याखाली दावा करावा लागतो. तोही ठरल्या तारखेपासून, तारीख नसल्यास नकार कळल्यापासून, तीन वर्षांच्या आत. आज करू, उद्या करू, म्हणता म्हणता ही मुदत गेली, तर चांगला दावाही व्यर्थ होतो.

दाव्यात घेणारास आपण पैसे देण्यास सदैव तयार व राजी होतो, हे सिद्ध करावे लागते. याचा अर्थ नोटांची थैली न्यायाधीशापुढे ओतावी, असा मात्र नव्हे. नथूलाल विरुद्ध फूलचंद या १९६९ च्या खटल्यात सौदा जिनिंग कारखान्याचा होता. किंमत ४३,०११ रुपये. पैकी २२,०११ रुपये देऊन कब्जाही घेतलेला. परंतु जमीन सरकारी दप्तरी विकणाराच्या भावाच्या नावे होती आणि हस्तांतरणास सरकारी परवानगी हवी होती. विकणाराने आपले काम केले नसता घेणारावर दोष ठेवता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरविले. सातबारा व फेरफार न पाहता इसार देणाऱ्या आमच्या व्यापारी बंधूंनी या खटल्याचे मनन करावे.

परंतु या चित्रास दुसरी बाजू आहे, आणि आम्हांस तिचीच अधिक चिंता वाटते. पेरणीच्या तोंडावर किंवा लग्नकार्यासाठी शेतकरी पैसा मागतो. सावकार कर्जरोखा न करता सौदाचिठ्ठी लिहून घेतो. आणि फेड चुकली की तीच चिठ्ठी घेऊन शेत मागतो. पूर्वी अशा करारापासून विकणारावर अनपेक्षित संकट ओढवत असेल, तर अंमलबजावणी नाकारण्याची मोकळीक न्यायालयास होती. १ ऑक्टोबर २०१८ पासून अमलात आलेल्या दुरुस्तीने ती मोकळीक बहुतांशी काढून घेतली. करार पाळलाच पाहिजे, हे तत्त्व व्यापारास पोषक आहे, यात शंका नाही. पण करारच खोटा असेल तर? गंगाबाई विरुद्ध छबूबाई या १९८२ साली प्रसिद्ध झालेल्या निकालात, दोन हजारांच्या कर्जापोटी केवळ नावापुरते लिहिलेले विक्रीपत्र हे विक्रीपत्र नव्हेच, असे दाखविण्यास तोंडी पुरावा देता येतो, असे ठरले. २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी कायद्यानेही अशी जमीन परत मिळविण्याकरिता जिल्हा निबंधकाकडे वाट ठेवली आहे. ही वाट गावोगावी सांगणे हे सुशिक्षितांचे कर्तव्य होय.

मग उपाय कोणता? करार नोंदवावा. कब्जा देऊन केलेल्या करारावर विक्रीपत्राइतके मुद्रांक शुल्क पडते, म्हणून लोक साधा कागद पसंत करतात. पण २००१ नंतर नोंदणीवाचून कब्जाचे संरक्षण मिळत नाही. नोंद नसलेली चिठ्ठी दाव्यात कराराचा पुरावा म्हणून चालते, इतकाच तिचा उपयोग. पैसे रोख न देता पेढीमार्फत द्यावेत. वडिलार्जित मालमत्तेत २००५ पासून मुलींचाही जन्मसिद्ध वाटा आहे; तेव्हा बहिणींच्या संमतीवाचून भावांच्या सह्या पुरेशा समजू नयेत. दाव्यात इसार परत मिळण्याची मागणी स्पष्ट शब्दांत घालावी. न मागितल्यास न्यायालय ती देत नाही.

सरकारासही आमचे सांगणे आहे. साध्या करारावरील शुल्क हलके करावे आणि दुय्यम निबंधकाने सही घेण्यापूर्वी दोन्ही पक्षांस मजकूर मराठीत वाचून दाखवावा. जो शेतकरी आपण कर्ज घेतो आहोत असे समजून अंगठा उठवितो, त्यास आपण शेत विकीत आहोत हे त्याच क्षणी कळले पाहिजे. दहा वर्षांनी हुकूमनामा हाती पडल्यावर कळून काय उपयोग?